पिसवायेल घर

चूक मी धुळ्याला केली. भर सभेत, माइकसमोर उभा राहून केली, आणि करताना मला स्वतःचं कौतुक वाटत होतं. थोरल्या बहिणीनं मला भाऊ म्हणून, हातात चहाचा कप देऊन सांगितलेली घरातली गोष्ट मी सभागृहभर अनोळखी माणसांना रंगवून सांगितली. ती माणसं पोट धरून हसली आणि त्यांच्याबरोबर मीही हसलो. बहिणीचं नाव घेतलं नव्हतं, गावाचंही घेतलं नव्हतं. एवढी काळजी पुरेशी आहे असं मी धरून चाललो होतो. ते हसणं माझ्या भाचीला महागात पडलं.

मी जळगावात कनिष्ठ महाविद्यालयात मराठी शिकवतो. आम्ही पाच-सहा जण गेली काही वर्षं खानदेशी बोलीतले शब्द गोळा करतो आहोत. एकाकडे शेतीची अवजारं, एकाकडे लग्नकार्याचे शब्द, एकीकडे स्वयंपाकघर. मी किडे घेतले. चांगले विभाग आधीच वाटले गेले होते हे खरं, पण किडे मी मागूनही घेतले. अंगावर राहणाऱ्या, रक्त पिणाऱ्या जिवांची नावं लोक त्या जिवांपेक्षा माणसांसाठीच जास्त वापरतात, हे मला आधीपासून ठाऊक होतं आणि या विषयात मी कुणाला हार जाणार नाही अशी माझी खात्री होती. ती खात्री अजूनही आहे.

पिसू हा शब्द कोणत्याही कोशात बघा. बिनपंखांचा, उड्या मारणारा, जनावराच्या रक्तावर जगणारा बारीक किडा, असं सापडेल. अनेकवचन पिसवा. आमच्या गावाकडे मात्र पिसू म्हणजे एका जागी न बसणारं पोर. बाजारात या गाडीवरून त्या गाडीवर टुणटुणत भाव पाडणारा दलालही पिसूच. एखाद्याला पिसवा लागल्या म्हणजे तो बसलाय तुमच्या ओट्यावर आणि जीव त्याचा एसटी स्टँडवर. गोचीड कोशात गुराच्या कातडीला चिकटते. गावात जेवण होऊन पान खाऊन झालं तरी न उठणारा पाहुणा गोचीड, आणि तोंडावर कुणी म्हणत नसलं तरी सोसायटीचा चेअरमनही गोचीड. ढेकूण दिवसा दिसत नाही, म्हणून समोर गोड बोलून मागून निनावी अर्ज करणाऱ्याला तो शब्द. काम नसलेला माणूस उवा मारत बसतो. लहानखुऱ्या पोराला लिखेएवढं म्हणतात. या सगळ्यांत एक पिसूच काय ती लाडाची. पिसू म्हटलेलं पोर हसतं. गोचीड म्हटलेला माणूस भांडायला उठतो. हे निरीक्षण माझं स्वतःचं आहे आणि सभेत ते सगळ्यांना आवडलंही होतं.

शब्द मिळवायला मी माणसांकडे जाऊन बसतो, मोबाईलवर बोलणं टिपून घेतो. त्या हिवाळ्याच्या शेवटी अक्काकडे गेलो. अक्का म्हणजे माझी थोरली बहीण. भडगावच्या पुढे, गिरणेच्या काठाला तिचं सासर. शेती कापसाची. घरात ती, दाजी आणि मुलगी. मुलगी, माझी भाची, जळगावला पाइपच्या कारखान्यात तपासणी विभागात नोकरी करते, खोली घेऊन राहते आणि शनिवारी संध्याकाळी गावी जाते.

मी पोचलो तर पुढच्या खोलीत पाय ठेवायला जागा नव्हती. कापूस छतापर्यंत गेला होता. आमच्याकडे ही दरवर्षीची गोष्ट. वेचणी झाली तरी कापूस लगेच निघत नाही. भाव चढेल, अजून थोडं थांबू, असं म्हणत माणूस थांबतो आणि कापूस घरात भरतो. गोदाम कुणाकडे असतं? आधी पुढची खोली भरते, मग मधली, मग पलंगाखालची जागा. माणसं कापसाच्या कडेला अंथरुणं टाकतात. ऊन वाढायला लागलं की त्यातून बारीक किडे निघतात आणि अख्खं घर खाजवायला लागतं. मानेवर, पोटऱ्यांवर लाल गांधी उठतात. लोक कडुनिंबाचा पाला टाकून आंघोळ करतात, खोबरेल लावतात आणि पुन्हा त्याच कापसाशेजारी झोपतात.

"अक्का, या पिसवा नाहीत," मी बसल्या बसल्या म्हणालो. "पिसवा कुत्र्यामांजरांच्या अंगावर असतात. कापसातला किडा वेगळा."

"चावतस ना?"

"चावतात."

"मंग पिसवाच शेतस. तू लिखी ले."

दाजी दारात बसून पोटरी खाजवत होते. ते म्हणाले, "शिकेल माणूसले येगळा किडा चावस का भो?"

आम्ही हसलो. मी मोबाईल चालू करून चहाच्या ताटलीशेजारी ठेवला. अक्काकडून शब्द काढावे लागत नाहीत, ते बोलण्याबरोबर येतात. अर्ध्या तासात तिनं मला एवढं दिलं की मी खूश झालो. त्यातच एक शब्द आला, पिसवायेल. पिसवा झालेलं. मी विचारलं, कशाला म्हणता?

"कुत्राले म्हनतस. गोधडीले म्हनतस," ती म्हणाली, आणि हसायला लागली. "आते आम्हना घरले म्हनतस."

मग तिनं ती गोष्ट सांगितली. महिन्यापूर्वी भाचीला बघायला पाहुणे आले होते. बसवायचं कुठे? कापसावर नवी चादर टाकली, त्याला टेकवून खाट लावली आणि पाहुण्यांना तिथं बसवलं. आधी मुलाच्या काकांनी कॉलर सारखी केली. मग आत्यांचा हात पदराआड गेला. मुलगा एका पायानं दुसरा पाय घासायला लागला. कुणी काही बोलेना, कारण बघण्याच्या कार्यक्रमात खाजवतोय असं कसं सांगणार? काकांनी मुलीला शिक्षण विचारलं आणि ती सांगत असताना ते मान खाजवण्यात असे गुंतले की त्यांनी तेच पुन्हा विचारलं. मग ते म्हणाले, जरा हवेला बसतो. ते उठले तशा आत्या उठल्या. मग मुलगा. भाची पोह्यांचा ट्रे घेऊन बाहेर आली तेव्हा खाट रिकामी होती.

"पोहा तसाच राही गयात," अक्का डोळे पुसत म्हणाली. हसून पाणी आलं होतं. "दुसरा दिवस मध्यस्थना फोन उना, पोरगी चांगली शे, पन आम्हले बाकीना ठिकाने पाहानं शे. तवपासून गावमा म्हनतस, पिसवायेल घर शे, तठे सोयरीक बसत नही."

मीही हसलो. भाची स्वयंपाकघराच्या दारात उभी होती आणि ती हसत नव्हती. मला ते दिसलं होतं. नंतर मी स्वतःला बऱ्याचदा सांगून पाहिलं की दिसलं नव्हतं. पण दिसलं होतं.

घरी येऊन मी नोंद लिहिली. पिसवायेल, विशेषण. पहिला अर्थ, पिसवा झालेलं घर किंवा जनावर. दुसरा, लाक्षणिक, जिथं सोयरीक बसत नाही असं घर. उदाहरणाशिवाय शब्दाची नोंद कोरडी राहते, असं मी वर्गात मुलांना सांगत आलो आहे. म्हणून उदाहरण लिहिलं. ते वाढत वाढत पानभर झालं. कॉलर, पदर, घासला जाणारा पाय, सगळं आलं. मुलीच्या हातातला ट्रेही आला. लिहून झाल्यावर मी ते बायकोला वाचून दाखवलं. ती म्हणाली, "ताईंना विचारलं का?" मी म्हणालो, "नाव कुठे आहे त्यात?"

धुळ्याची सभा मार्चमध्ये झाली. बोलीवरचीच होती, आमच्यासारखेच शब्द गोळा करणारे लोक होते, शिक्षक होते, कॉलेजची मुलं होती. मला जेवणानंतरची वेळ मिळाली. लोकांचे डोळे मिटत होते. गोचीड आणि चेअरमनवर सभागृह जागं झालं. ढेकणावर टाळ्या पडल्या. पिसवायेलवर आलो तेव्हा मी कागद खाली ठेवला आणि म्हणालो, "माझ्या एका जवळच्या नातेवाइकाकडे परवा काय झालं..." आणि नक्कल करून सगळं सांगितलं. कॉलरसकट. ट्रे हातात घेऊन रिकाम्या खाटेकडे बघणारी मुलगीसुद्धा मी करून दाखवली. पुढच्या रांगेतले एक आबा हसता हसता ठसकले, त्यांना पाणी द्यावं लागलं.

कुणीतरी मोबाईलवर ते टिपलं होतं. दोन दिवसांत ते सगळीकडे फिरलं. आमच्याकडे असं काही फिरायला लागलं की ते कुणाच्या घरचं आहे हे शोधून काढणारे लोक असतातच. मास्तर कोण, त्याला बहिणी किती, त्यातल्या कुणाची मुलगी लग्नाची. "जवळचा नातेवाईक" एवढे दोन शब्द त्यांना पुष्कळ झाले.

अक्काचा फोन आला.

"भाऊ, तुन्हा व्हिडिओ उना मन्हा मोबाईलवर."

आणि मी विचारलं, "आवडला का?"

हे मी खरंच विचारलं. "चांगलं सांगस तू," ती म्हणाली. "बठ्ठा लोक हासनात." आणि फोन ठेवला.

तेव्हा मला माहीत नव्हतं की मधल्या काळात भाचीचं दुसरं स्थळ जवळजवळ ठरलं होतं. सावद्याकडचं केळीवाल्यांचं घर. मुलगा आणि ती जळगावात दोनदा भेटले होते, दोघांनाही पसंत होतं. घरी बघण्याचा कार्यक्रम व्हायचा होता, तो कापूस विकला गेल्यावर करायचा असं अक्कानं मुद्दाम ठरवलं होतं. कापूस गेला. खोली धुतली, चुना दिला. आणि त्याच आठवड्यात सावद्याहून निरोप आला, यंदा नको, पुढच्या वर्षी बघू. या वाक्याचा अर्थ खानदेशात कुणाला कोशात शोधावा लागत नाही.

हे मला दाजींकडून कळलं. मी लगेच अक्काला फोन लावला आणि माफी मागितली. निदान मला तसं वाटलं. खरं म्हणजे मी तिला समजावून सांगितलं. तो शब्द गावात आधीपासूनच बोलला जात होता, मी नाव घेतलं नव्हतं, असल्या कामात उदाहरणं द्यावीच लागतात, व्हिडिओ मी काढला नव्हता. ती हं हं करत राहिली. बोलून झाल्यावर मला बरं वाटलं, आणि पुढची चूक मी त्या बरं वाटण्यात केली. कुणाला न विचारता सावद्याला गेलो.

मुलाच्या वडिलांनी मला ओसरीत बसवलं, चहा दिला, केळीचे वेफर्स ठेवले. मी त्यांना सांगितलं की कापसातला तो किडा पिसू नसतोच, तो माणसाच्या अंगावर टिकत नाही, कापूस गेला की तोही जातो, घर आता स्वच्छ आहे, चुना दिला आहे. ते शांतपणे ऐकत होते. आतून कुणाचं तरी दाबलेलं हसू ऐकू आलं.

"सर, तुम्ही बोलतात भारी," ते म्हणाले. "आमच्या घरी सगळ्यांनी पाहिला तुमचा व्हिडिओ. पण त्याचं काही नाही, पोराचंच यंदा मन नाही." निघताना दारापर्यंत आले आणि म्हणाले, "केळीवर पण लई किडे असतात सर. त्यांचे शब्द पण घ्या कधी."

मी गाडी चालू केली तेव्हा माझे कान तापले होते. व्हिडिओतलं घर अक्काचंच, अशी तोवर त्यांना कदाचित नुसती शंका असेल. मी स्वतः जाऊन, किडा कोणता हे सांगून, ती पक्की करून आलो होतो.

अक्काला हे कळलं तेव्हा तिनं एकच विचारलं, "तुले कोनी सांगं होतं जावाले?"

त्या वर्षी ती आखाजीला आली नाही. आखाजी म्हणजे अक्षय तृतीया. सासरी गेलेल्या लेकी त्या सणाला माहेरी येतात. खानदेशात दिवाळीपेक्षा हा मोठा. आईवडील गेल्यापासून माझं घर हेच अक्काचं माहेर. ती म्हणाली, काम शे. एप्रिलच्या उन्हात कापसाच्या शेतात काय काम असतं हे मला माहीत आहे. पूर्वी बहिणीला आणायला भावानं मुऱ्हाळी म्हणून जायची पद्धत होती. हल्ली आम्ही फोन करतो आणि त्या बसनं येतात. मी सणाच्या आदल्या दिवशी सकाळी गाडी काढली आणि तिला आणायला गेलो.

पुढची खोली रिकामी होती. चुन्याचा वास होता. खाट खिडकीपाशी गेली होती. अक्का माझ्याकडे बघून म्हणाली, "उना का?" आणि पाणी आणायला आत गेली. मी तिच्या मागोमाग गेलो. चुकलो म्हणालो. पुन्हा थोडं समजावलं, पण पहिल्यापेक्षा कमी. ती चुलीकडे तोंड करून, ज्वारी-उडदाच्या पिठाची भाकरी थापत म्हणाली, "जाऊ दे रे. बठ. कळनानी भाकर खाय." थोरल्या बहिणींचं असंच असतं. त्या आपल्याला फार लवकर मोकळं करतात. मला वाटलं, मिटलं.

भाची घरीच होती, सुट्टी घेऊन आली होती. ती मधल्या खोलीतून बाहेर आली. आमच्याकडे मामा भाचीच्या पाया पडतो. ती वयानं लहान असली, तान्ही असली तरी पडतो. तसा मी वाकलो, तिच्या पायांना हात लावला आणि तो कपाळाला लावून उभा राहिलो. या वेळी जरा जास्त वेळ वाकलो होतो. तिला समजेल असं वाटलं.

"हे तर तुम्ही दर वेळी करतात मामा," ती म्हणाली.

दाजी खाटेवर बसले होते, त्यांनी मान खाली घातली. अक्का आतून म्हणाली, "पोरी..."

"थांब आई." ती माझ्याकडेच बघत होती. "आईला काय म्हणाले तुम्ही?"

"चुकलो म्हणालो."

"आईची गोष्ट होती का ती?"

माझी नजर स्वयंपाकघराच्या दाराकडे गेली.

"आईनं तुम्हाला सांगितली, ती भाऊ म्हणून सांगितली. तिच्यावर माझा राग नाही. ती तशीच आहे, सगळ्याचं हसू करते आणि मग रात्री झोपत नाही. पण ट्रे घेऊन मी उभी होते ना? मला विचारलं होतं का तुम्ही?"

"नाही."

"दारात उभी होते मी तेव्हा. दिसले होते ना तुम्हाला?"

"दिसली होतीस."

तिला हे अपेक्षित नव्हतं बहुतेक. मी घाईघाईनं म्हणालो, "मी तो शब्दच काढून टाकलाय बेटा. पूर्ण नोंद काढली."

"शब्द कशाला काढला?" ती म्हणाली. "शब्द लोकं बोलतात. माझ्या मैत्रिणीसुद्धा बोलतात, मी पण बोलते. तो ठेवा. आमच्या घरातली ती संध्याकाळ काढा. तुम्ही उलटंच करतात मामा. आणि सावद्याला काय सांगितलं तुम्ही, किडा वेगळा आहे?"

दाजींना हसू आलं आणि त्यांनी ते गिळलं.

"तो मुलगा मला आवडला होता," भाची म्हणाली. आवाज तोच होता, चढला नव्हता. "त्याचा मेसेज आला, घरचे हसतात म्हणे. जो घरच्यांच्या हसण्याला घाबरतो तो नाही आला तर नाही आला, ते मी बघेन. पण तुम्ही माझी नक्कल करून दाखवली. स्टेजवर. ट्रे घेऊन कशी उभी होते ते. मी तुमचा व्हिडिओ ऑफिसात पाहिला, सगळ्यांमध्ये बसून. कुणाला माहीत नव्हतं ती मी आहे. मी पण हसले. हसावं लागलं."

अक्का बाहेर आली होती, हाताला पीठ तसंच. ती कुणाकडेच बघत नव्हती.

माझ्या जिभेवर तीन वाक्यं आली होती: पण मी नाव घेतलं नव्हतं. पण मला काय माहीत व्हिडिओ निघेल. पण त्यात तुझी चेष्टा नव्हती, पाहुण्यांची होती. तिन्ही वाक्यं तयार होती आणि तिन्ही खरी होती. मी ती बोललो नाही. भाचीसमोर उभा राहिलो, हात जोडले आणि म्हणालो, "बेटा, ती गोष्ट तुझी होती. तू हसत नव्हतीस हे मला दिसलं होतं, तरी मी ती उचलली आणि लोकांना हसायला दिली. तुझी नक्कल केली. मग स्वतःला बरं वाटावं म्हणून सावद्याला गेलो आणि होतं तेही घालवलं. चूक माझी आहे, बाकी कुणाची नाही. मला माफ कर."